आगरीतलं 'पानी' अशुद्ध आहे का? भाषाविज्ञान काय सांगतं

पनवेलच्या बाजारात 'पाणी' मागणारे भेटतात, तसे 'पानी' मागणारेही. आगरी बोलीतला हा 'न' ऐकून रील्सखाली हसण्याचे इमोजी पडतात आणि वर्गात मुलाला 'शुद्ध बोल' असं सुनावलं जातं. गंमत म्हणजे मूळ संस्कृत शब्द आहे 'पानीय'. म्हणजे 'न' आधीचा, 'ण' नंतरचा. आणि हिंदीतल्या 'पानी'ला कुणी गावंढळ म्हणत नाही.

भाषाविज्ञान शुद्ध-अशुद्धाचा निवाडा करत नाही. लोक कसं बोलतात आणि त्यामागे नियम कोणता, हे ते शोधतं.

सुरुवात होते स्वनिमापासून. जो बदलला की शब्दाचा अर्थ बदलतो, असा ध्वनी म्हणजे स्वनिम. 'वेल' मांडवावर चढते, 'वेळ' घड्याळात दिसते. फरक फक्त ल-ळचा, म्हणून प्रमाण मराठीत हे दोन वेगळे स्वनिम. पारंपरिक आगरीत मात्र 'ळ'च्या जागी 'ल' येतो, त्यामुळे दोन्ही शब्द 'वेल'. गोंधळ होतो का? जेवणाची 'वेल' झाली म्हटल्यावर कुणी मांडव शोधत नाही. प्रमाण मराठीतही 'माळ' गळ्यातली की गावाबाहेरचा, हे संदर्भानेच कळतं.

खरी मजा 'ड'मध्ये आहे. आगरीत 'गाडी'ची 'गारी' होते, 'घोडा'चा 'घोरा'. पण 'डोळा'चा 'रोला' होत नाही, होतो 'डोला'. म्हणजे शब्दाच्या सुरुवातीचा 'ड' टिकतो, दोन स्वरांमध्ये सापडलेला 'र' होतो. हिंदीतही असंच काहीसं दिसतं: 'डाल'मधला ड पक्का, 'घोड़ा'मधला नुक्त्याचा, सैल. आगरीचा हा नियम शाळेत कुणी शिकवत नाही. तरी घरात आगरी ऐकत वाढलेलं मूल तो आपोआप पाळतं. ज्याला नियम आहे, त्याला 'बिघडलेली मराठी' कसं म्हणणार?

ध्वनींच्या वरची पायरी रूपिमांची, म्हणजे अर्थ असलेल्या सर्वांत लहान तुकड्यांची. 'पनवेलकर'मध्ये असे दोन: पनवेल आणि कर. त्यावर वाक्यरचना.

मग शाळेतल्या 'पाणी'चं काय? मराठी साहित्य महामंडळाचे 1962चे नियम लेखनाचे आहेत. उत्तरपत्रिकेत 'पाणी' लिहावं लागतं, कारण तिथे प्रमाण लेखन अपेक्षित असतं. घरी आजीकडे काय मागायचं, याबद्दल त्यांत काहीच नाही.