वेश बदलला की खेळ बदलतो

२७ मे १९८६ रोजी जपानमध्ये ‘ड्रॅगन क्वेस्ट’ विक्रीला आला, तेव्हा त्यातल्या वीराला अंगावर होते तेवढेच कपडे होते. खेळणारा राक्षस मारून पैसे जमवायचा, गावातल्या दुकानातून आधी चामड्याचं चिलखत घ्यायचा, मग साखळ्यांचं, पुढे भक्कम पोलादी. घेतल्याचा आनंद खरा असे, कारण संरक्षणाचा आकडा वाढायचा. पडद्यावरच्या इवल्याशा माणसाच्या अंगावर मात्र नवं चिलखत दिसायचं नाही.

अख्खा खेळ ६४ किलोबाइटच्या कार्ट्रिजमध्ये बसवलेला होता. सकाळी मोबाइलवर येणारा ‘शुभ सकाळ’चा एक फोटोही त्याहून जड असतो. कताकाना लिपीतली सगळी अक्षरंसुद्धा त्यात मावली नाहीत. मोजकी अक्षरं निवडून त्यांतूनच राक्षसांची आणि गावांची नावं जुळवावी लागली. निन्टेंडोच्या फॅमिकॉम यंत्राला पात्राच्या ८ बाय ८ ठिपक्यांच्या तुकड्यात तीनच रंग दाखवता येत. एवढ्या गरिबीत चिलखतागणिक नवी आकृती काढणार कोण आणि ठेवणार कुठे? खेळाचे रचनाकार युजी होरी यांच्या मदतीला चित्रकार अकिरा तोरियामा होते. शिंगांचं शिरस्त्राण आणि निळा पोशाख घातलेला वीर त्यांनी कागदावर रंगवला. खेळणाऱ्याने ते चित्र मनात धरायचं आणि पडद्यावरच्या ठिपक्यांना चढवायचं.

जपानी रोल-प्लेइंग गेममधली (जेआरपीजीतली) वेशभूषा या अडचणीतून जन्मली, हे मला फार महत्त्वाचं वाटतं. प्रत्येक कपड्यासाठी चित्र परवडत नाही, मग चित्र खर्चायचं कशावर? दोनच वर्षांत उत्तर सापडलं: पात्राच्या कामावर. फेब्रुवारी १९८८ मध्ये आलेल्या ‘ड्रॅगन क्वेस्ट ३’मध्ये योद्धा, पुजारी, जादूगार, व्यापारी, विदूषक असे पेशे होते आणि पेशा बदलला की आकृतीही बदलायची. एप्रिल १९९०च्या ‘फायनल फँटसी ३’ने हीच कल्पना खेळाच्या मध्यभागी आणून ठेवली. चार अनाथ पोरं स्फटिकांकडून नवनवे पेशे मिळवतात. पांढऱ्या झग्याला लाल त्रिकोणांची किनार दिसली की हा जखमा भरणारा, हे न वाचता कळतं. आता कपडा आकड्यापुरता उरला नाही. तो अंगावर आला की कोणतं काम जमतं आणि कोणतं जमत नाही, तेही ठरू लागलं.

या पद्धतीचा कळस म्हणजे ६ डिसेंबर १९९२चा ‘फायनल फँटसी ५’. ‘फायनल फँटसी ३’मध्ये एका पेशाचा वेश सगळ्यांना सारखाच असे, फार तर रंगाचा फरक. इथे पाच पात्रं आणि मूळ रूप धरून प्रत्येकाचे बावीस वेश, म्हणजे एकशे दहा आकृत्या, आणि प्रत्येक आकृती वेगळी. स्क्वेअर कंपनीत काझुको शिबुया या कलाकार ठिपक्यांची चित्रं काढत; योशिताका आमानो यांच्या तलम, वाऱ्यावर उडाल्यासारख्या रेखाटनांना त्यांनी मोजक्या ठिपक्यांत उतरवलं. या मालिकेची चर्चा निघाली की आमानोंचं नाव आधी येतं आणि शिबुयांचं उशिरा, हे मला खटकतं. कारण खेळणाऱ्याच्या डोळ्यांसमोर तासन्‌तास असायचं ते शिबुयांचं काम.

‘फायनल फँटसी ५’ची खरी खोली मात्र चित्रांत नाही, नियमात आहे. एखाद्या पेशात राबून जे शिकलात, ते वेश उतरवल्यावरही तुमच्याजवळ राहतं. सामुराई असताना कमावलेली विद्या जादूगाराच्या वेशातही वापरता येते. आणि बरेच पेशे पार पाडून जो मूळ रूपात परततो, तो पुष्कळदा सर्वांत बलवान ठरतो. सोंगं घेऊन घेऊन माणूस मोठा होतो, ही कल्पना एखाद्या खेळाने इतक्या सहजपणे नियमात बसवलेली मी दुसरीकडे पाहिलेली नाही.

आमच्या चिंचवडला यातलं काही वेळेवर पोचलं नाही. नव्वदच्या दशकात इथल्या घरांत फॅमिकॉमची नक्कल केलेली ‘टीव्ही गेम’ची यंत्रं आली, त्यांच्या कार्ट्रिजांत ‘मारिओ’ आणि ‘काँट्रा’ होते. धावायचं, उड्या मारायच्या, गोळ्या झाडायच्या. त्याला भाषा लागत नाही. जेआरपीजीला वाचन लागतं, आणि ते जपानीत होतं. ‘फायनल फँटसी ५’ इंग्रजीत अधिकृतपणे निघायलाच १९९९ उजाडलं. आज चित्र वेगळं आहे. चाकण-तळेगावच्या पट्ट्यात जपानी कंपन्या आहेत, नोकरीच्या आशेने जपानी भाषेच्या एन-फाइव्ह, एन-फोर या परीक्षा देणारी मुलं-मुली आहेत, आणि त्यांतली काही जण हे खेळ थेट जपानीत खेळतात. पण या वेशांतराची गंमत समजायला मराठी माणसाला जपानी यायलाच हवी असं नाही. आपल्या रंगभूमीवर ती फार जुनी आहे.

जपानी काबुकीत भराभर वेश बदलण्याचं स्वतंत्र तंत्र आहे. कपडे कच्च्या धाग्यांनी टाचलेले असतात, रंगमंचावरचा मदतनीस मागून धागे ओढतो आणि प्रेक्षकांसमोरच वरचा पोशाख गळून आतला दिसतो. चौथे त्सुरुया नानबोकू यांनी १८१३ मध्ये एका नाटकात एकाच नटाला सात भूमिका दिल्या आणि प्रेक्षक त्या वेशबदलांसाठी गर्दी करू लागले. आता आपल्याकडे या. ८ ऑक्टोबर १९६२ रोजी दिल्लीत आचार्य अत्र्यांच्या ‘तो मी नव्हेच’चा पहिला प्रयोग झाला. निपाणीचा तंबाखूचा व्यापारी लखोबा लोखंडे न्यायालयात उभा आहे, आणि साक्षीगणिक त्याचं आणखी एक सोंग उघडं पडतं. प्रभाकर पणशीकरांनी त्यात पाच भूमिका केल्या. प्रवेश अडू नयेत म्हणून फिरता रंगमंच आणला. रंगमंच फिरत असताना विंगेत नटाच्या अंगावर कपडे चढत, आणि कपड्यांबरोबर चाल, बोली, मान वळवायची लकब असं सगळंच बदलून माणूस बाहेर येई. ‘फायनल फँटसी’त बटण दाबल्यावर जे होतं, ते हेच. फरक इतकाच, की पणशीकरांना ते घामाघूम होऊन करावं लागे.

दुसरं साम्य याहून जवळचं आहे. ३१ जानेवारी १९९७ रोजी प्लेस्टेशनवर ‘फायनल फँटसी ७’ आला. आता पात्रं त्रिमितीत होती, आणि त्या नव्या श्रीमंतीची किंमत वेशांतराने मोजली. पात्र घडवणं इतकं खर्चिक झालं की क्लाउड, टिफा, एरिथ यांचे कपडे ठरूनच गेले. हातातलं शस्त्र तेवढं बदलायचं. पण याच खेळात वेशाचा सर्वांत सुंदर प्रसंग आहे. टिफा एका गुंडाच्या हवेलीत गेली आहे आणि आत फक्त बायकांना प्रवेश आहे. मग क्लाउड हा तलवारबाज गडी बाईचं सोंग घ्यायचं ठरवतो. त्यासाठी बाजारभर हिंडावं लागतं: दारूच्या गुत्त्यात बसलेल्या शिंप्याला पटवून पोशाख शिवून घ्यायचा, तालमीतल्या पहिलवानांशी बैठकांची पैज जिंकून केसांचा टोप मिळवायचा, अत्तर शोधायचं. पोशाखाचं कापड कसं हवं, याचंही उत्तर द्यावं लागतं. साज जितका नीट, तितकं सोंग वठतं. सगळं उत्तम जमलं तर तो गुंड दोन्ही खऱ्या मुलींना सोडून क्लाउडलाच निवडतो.

बालगंधर्वांच्या महाराष्ट्रात हा प्रसंग समजावून सांगावा लागू नये. स्त्रीभूमिकेसाठी शालू, दागिने, अत्तर यांत किंचितही तडजोड न करणारा हा नट आणि त्याची साडी नेसायची ढब उचलणाऱ्या घरंदाज बायका, ही आपल्या आजी-पणजींच्या काळातली गोष्ट आहे. वेशाचं बारीकसारीक काम ही निव्वळ सजावट नसते, त्यावर भूमिका उभी राहते किंवा पडते. ‘फायनल फँटसी ७’च्या कर्त्यांना ते ठाऊक होतं.

मार्च २००३ मध्ये आलेल्या ‘फायनल फँटसी १०-२’ने वेश आणि काम यांची जोडी पुन्हा बांधली. युना, रिक्कू आणि पेन या तिघी ऐन लढाईत कपडे बदलतात, आणि बदलताच बंदूकवालीची गायिका होते, गायिकेची योद्धी. बदलायला लढाईतला वेळ जातो, म्हणून कधी बदलायचं हाच डावपेच. काहींना तो फॅशन शो वाटला. मला तो या घराण्याचा शेवटचा मोठा वारस वाटतो.

पुढे यंत्रं श्रीमंत होत गेली आणि दिशा पालटली. जुलै २००९च्या ‘ड्रॅगन क्वेस्ट ९’मध्ये टोपीपासून बुटांपर्यंत घातलेली प्रत्येक वस्तू अंगावर दिसू लागली. १९८६ची उणीव अखेर भरून निघाली. टोकियोच्या अकिहाबारा भागात लोक निन्टेंडो डीएस खिशात चालू ठेवून फिरत आणि एकमेकांची नटवलेली पात्रं आपोआप आपल्या खेळात पोचत. मात्र दिसणारी वस्तू आणि कामाची वस्तू एकच असली की पंचाईत होते. २०१०च्या ‘झेनोब्लेड क्रॉनिकल्स’मध्ये सर्वांत बळकट कपडे गोळा करून घातले, तर वीर विसंगत गाठोडं होऊन फिरे आणि करुण प्रसंगातही तसाच दिसे. यावर उपाय निघाला तो सोपा: रूप आणि आकडा वेगळे करा. ‘फायनल फँटसी १४’ने २०१४ मध्ये एका वस्तूवर दुसरीचं रूप चढवायची सोय दिली, ‘झेनोब्लेड’च्या २०२०च्या आवृत्तीत दिसण्याचे कपडे वेगळेच निवडता येऊ लागले.

सोय उत्तम होती. पण ज्या कपड्याने खेळात काहीच बदलत नाही, तो सुटा काढून विकताही येतो. इंटरनेटवरून खेळाचे तुकडे विकता येऊ लागल्यावर वेश हा कंपन्यांचा हक्काचा माल झाला. सप्टेंबर २०१६च्या ‘पर्सोना ५’मध्ये ही दोन्ही टोकं एकत्र सापडतात. त्यातली शाळकरी मुलं दुष्टांच्या मनातल्या महालात शिरतात तेव्हा साध्या गणवेशात असतात. शत्रूला त्यांची धास्ती वाटू लागली की मगच अंगावर चोराचा वेश येतो. म्हणजे बंड केल्याशिवाय वेश नाही. इतका अर्थपूर्ण वेश दिल्यावर त्याच कंपनीने, त्याच खेळासाठी, आपल्या जुन्या खेळांतल्या पात्रांचे पोशाख वेगळे पैसे घेऊन विकले. ते घातले की बंडाचा तो वेश झाकला जातो.

मी विकतच्या कपड्यांवर चिडलेलो नाही. आवडत्या पात्राला नटवावंसं वाटणं स्वाभाविक आहे. पण वेशाने काही करावं लागत नसेल, तर भूमिका खेळण्याच्या खेळातून भूमिकाच वजा होते, असं माझं ठाम मत आहे. सहा प्रकारचे आखूड झगे ‘फायनल फँटसी ५’च्या एका रंगीत टोपीची बरोबरी करत नाहीत, कारण ती टोपी घातली की जग वेगळ्या रीतीने हाताळावं लागतं.

पुण्यात आता गेम बनतात. नॉडिंग हेड्स या इथल्या स्टुडिओचा ‘राजी’ हा प्राचीन भारतावरचा खेळ २०२० मध्ये जगभर गेला. या क्षेत्रात येऊ पाहणारी मुलं पिंपरी-चिंचवडच्या घराघरांत आहेत. त्यांना माझी विनंती आहे: जपानी खेळ जरूर अभ्यासा, पण चिंचवडच्या प्रा. रामकृष्ण मोरे प्रेक्षागृहात एखाद्या बहुरूपी नाटकाचा प्रयोग लागला, तर परवानगी काढून एकदा विंगेत उभे राहा. कपडेपट सांभाळणाऱ्या माणसाला विचारा, की कोणता सदरा कोणत्या प्रवेशानंतर, किती वेळात, कोणाच्या मदतीने चढतो आणि एखादी गाठ सुटली नाही तर पुढचा प्रवेश कसा सावरतात. मग दशावतार पाहा, बहुरूप्यांशी बोला. आणि तुमच्या खेळातल्या पात्राला पहिला पोशाख द्याल, तेव्हा तो अंगावर आल्यावर त्याला काय नव्याने करता येईल, ते आधी ठरवा.