दादरचे शिवाजी पार्क

दादरच्या शिवाजी पार्कचे मूळ प्लेगच्या साथीत आहे. १८९६ साली मुंबईच्या कोंदट चाळींमध्ये माणसे पटापट दगावू लागली, तेव्हा शहर उत्तरेकडे पसरवण्यावाचून गत्यंतर उरले नाही. त्यासाठी १८९८ मध्ये इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला. रुंद रस्ते आणि हवेशीर घरे आखत त्याने दादर-माटुंग्याच्या शेतांवर, वाड्यांवर नवी वस्ती उभी केली. याच काळात माहीमच्या बाजूला महानगरपालिकेने सुमारे २८ एकरांचे मैदान राखले आणि १९२५ मध्ये ते लोकांसाठी खुले केले. तेव्हा त्याचे नाव होते माहीम पार्क.

१९२७ मध्ये शिवजन्माच्या त्रिशताब्दीच्या निमित्ताने, नगरसेविका अवंतिकाबाई गोखले यांच्या पुढाकारामुळे मैदानाला शिवाजी महाराजांचे नाव मिळाले. अवंतिकाबाई चंपारणला गांधीजींबरोबर काम केलेल्या. त्यांच्या गांधीचरित्राला लोकमान्य टिळकांची प्रस्तावना आहे. अशा कर्तबगार बाईंची या मैदानापाशी फारशी आठवण निघत नाही, ही खंत वाटण्यासारखीच गोष्ट आहे.

पुढच्या दोन दशकांत भोवती दोन-तीन मजली, गोलसर गॅलऱ्यांच्या इमारती उभ्या राहिल्या आणि मराठी मध्यमवर्ग तिथे स्थिरावला. मैदानाला उंच भिंत नाही, बसता येईल असा बुटका कट्टा आहे. सकाळी फेऱ्या मारणारे आणि संध्याकाळी गप्पा मारणारे, दोघांचाही तो हक्काचा. मैदानाच्या एका कडेला समर्थ व्यायाम मंदिरात मल्लखांब शिकवला जातो. क्रिकेटच्या खेळपट्ट्या तर इतक्या लगटून, की एका सामन्यातला चेंडू सहज दुसऱ्यात जातो. रमाकांत आचरेकरांनी सचिन तेंडुलकरला घडवले ते याच मातीवर.

याच मैदानाने सभाही पाहिल्या. संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीत ते माणसांनी फुलून जाई आणि आजही १ मेचे मुख्य संचलन इथेच होते. शिवसेनेचा पहिला दसरा मेळावा इथे झाला, ३० ऑक्टोबर १९६६ रोजी. ६ डिसेंबरला डॉ. आंबेडकरांना अभिवादन करायला चैत्यभूमीवर येणाऱ्या लाखो अनुयायांचा मुक्काम इथल्या मंडपांत असतो. त्या दिवसांत पुस्तकांचे असंख्य स्टॉल लागतात आणि खेड्यापाड्यांतून आलेली माणसे पिशव्या भरभरून पुस्तके घरी नेतात. वाचनाचा इतका मोठा लोकोत्सव महाराष्ट्रात विरळाच.

सभांच्या कर्कश आवाजाने रहिवासी त्रासले होते. २०१० मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने हा परिसर शांतता क्षेत्र मानला. तेव्हापासून ध्वनिक्षेपक लावायला ठरावीक दिवसांपुरतीच मुभा मिळते. २०२० मध्ये मैदानाचे अधिकृत नाव छत्रपती शिवाजी महाराज पार्क झाले. जुन्या इमारतींच्या जागी आता मनोरे चढत आहेत. त्यामुळे ही २८ एकरांची मोकळी जागा दादरला १९२५ पेक्षा आज अधिक निकडीची आहे.