जळालेल्या स्टुडिओचा धनी

दिवाळी सरली की आमच्या आमगावच्या आसपास गावोगाव मंडई भरते आणि रात्रभर नाटक रंगते. ऐतिहासिक प्रवेश असला, की पुठ्ठ्याचा जिरेटोप घातलेला मावळा विंगेतून येतो तोच मुळी छाती काढून, आवाज चढवून. ही ऐट त्याला शाळेतल्या इतिहासाने खचितच दिली नाही; तो विषय मीच शिकवितो! मला तरी तीत भालजी पेंढारकरांच्या बोलपटांची सावली दिसते.

भालजींचा जन्म १८९८ सालचा, कोल्हापूरचा. मूकपटांच्या काळातच ते या धंद्यात शिरले. ‘वंदे मातरम् आश्रम’ (१९२६) या चित्रपटावर इंग्रजी अमदानीची कात्री चालली. १९३२ च्या ‘श्यामसुंदर’ने मात्र पंचवीस आठवडे मुक्काम ठोकला, शांता आपटे आणि शाहू मोडक यांना पडद्यावर आणणारा चित्रपट तो हाच. पण भालजींचे खरे घर शिवकाळात. ‘नेताजी पालकर’, ‘थोरातांची कमळा’, ‘बहिर्जी नाईक’ असे एकेक चित्रपट त्यांनी रसिकांपुढे ठेवले.

आणि मग १९४८ साल उजाडले. ३० जानेवारीला गांधीजींची हत्या झाली. मारेकरी ब्राह्मण, म्हणून ठिकठिकाणी ब्राह्मणांच्या घरांवर जमाव चालून गेले. कोल्हापुरात भालजींचा जयप्रभा स्टुडिओ पेटविला गेला. ‘मीठभाकर’ हा चित्रपटही त्या आगीत गेला. ज्यांच्या पूर्वजांचे पराक्रम या माणसाने पडद्यावर उभे केले, त्याच मुलखातल्या लोकांनी त्याची वास्तू जाळावी, याला काय म्हणावे? दुसरा एखादा मुंबईची गाडी धरता. भालजींनी ‘मीठभाकर’ पुन्हा काढला आणि १९४९ साली तो लोकांसमोर आणला. १९५२ साली ‘छत्रपती शिवाजी’ आला. महाराजांच्या भूमिकेत चंद्रकांत.

इटलीतही असे ठरावीक साच्याचे चित्रपट काढणारे दिग्दर्शक होऊन गेले. १९५८ साली ‘हर्क्युलिस’ गाजला, तशी रोममध्ये ढाल-तलवारीच्या चित्रपटांची रांग लागली. पुढे वारे फिरले आणि तीच मंडळी घोडेस्वार बंदूकबाजांकडे वळली. बाजाराचे ते गणित चुकीचे नव्हे. भालजी मात्र ‘मोहित्यांची मंजुळा’ (१९६३), ‘मराठा तितुका मेळवावा’ (१९६४) असे जुन्याच वाटेने चालले. या दोहोंचे संगीतकार ‘आनंदघन’, म्हणजे साक्षात लता मंगेशकर! त्यांचे सारेच चित्रपट मला सारखे आवडतात असे नाही. संवाद कधी कधी व्यासपीठावरून आल्यासारखे वाटतात. पण ‘साधी माणसं’ (१९६५) पाहावा. तिथे तलवार नाही, लोहाराचा भाता आहे, आणि माणसे आपल्या शेजारची आहेत.

‘तांबडी माती’तून (१९६९) त्यांनी दादा कोंडके यांना पडद्यावर आणले. ‘गनिमी कावा’ आला १९८१ साली, तेव्हा भालजी त्र्याऐंशी वर्षांचे होते. १९९१ चा फाळके पुरस्कार त्यांना मिळाला. २६ नोव्हेंबर १९९४ रोजी कोल्हापुरातच त्यांनी डोळे मिटले.