कारवान कुत्रा : शेतावर आणण्यापूर्वी

रानडुकरांनी मका लोळवला की गावात कोणीतरी सल्ला देतोच, "एक कारवान आणून बांध शेतावर." मी पिकांचा माणूस, पण शिवारफेरीत हा प्रश्न मला हमखास विचारला जातो. कारवान आणायला माझी हरकत नाही. मात्र 'बांध' हा शब्द आणि 'डुकरासाठी' ही अपेक्षा, दोन्ही चुकीच्या आहेत.

ओळख आणि इतिहास

कारवान, कारवानी, मुधोळ हाउंड ही नावे एकाच जातीची आहेत. कान, शेपटी व पायांवर रेशमी लांब केस असलेल्या प्रकाराला पश्मी म्हणतात. दक्षिणेत येणाऱ्या व्यापारी काफिल्यांबरोबर, म्हणजे कारवाँबरोबर, मध्य व पश्चिम आशियातील सालुकीसारखे शिकारी कुत्रे आले आणि दख्खनच्या पठारावर त्यांच्यापासून ही जात घडली, असे मानले जाते.

मुधोळ हे आज कर्नाटकातील बागलकोट जिल्ह्यात आहे. तेथील संस्थानिक मालोजीराव घोरपडे यांनी या कुत्र्यांच्या पैदाशीला आश्रय दिला. इंग्लंडचे राजे पाचवे जॉर्ज यांना त्यांनी या कुत्र्यांची जोडी भेट दिली आणि तेव्हापासून 'मुधोळ हाउंड' हे नाव रूढ झाले, असे सांगतात. २००५ मध्ये टपाल खात्याने देशी श्वानांवर काढलेल्या तिकिटांत ही जात होती. २०१६ मध्ये सैन्याच्या मेरठ येथील केंद्राने मुधोळजवळच्या तिम्मापूर येथील श्वान संशोधन केंद्रातून पिल्ले प्रशिक्षणासाठी नेली.

खांद्याजवळ उंची साधारण २४ ते २८ इंच, वजन २० ते २८ किलो. डोके लांब व निमुळते, छाती खोल, पोट आत ओढलेले, पाय लांब. शेवटच्या दोन-तीन बरगड्या दिसणे या जातीत नैसर्गिक आहे. सगळ्या बरगड्या, कणा व माकडहाड वर आलेले असेल तर मात्र तो कुत्रा उपाशी किंवा आजारी आहे.

स्वभाव

हा नजरेने शिकार करणारा कुत्रा आहे. लांबवर काही हलले की तो सुटतो आणि मग हाकेला थांबत नाही. घरच्या माणसांशी तो एकनिष्ठ असतो, परक्याने अंगाला हात लावलेला त्याला खपत नाही. साखळीला दिवसभर बांधलेला कारवान एकतर बुजरा होतो किंवा चावरा. कोंबड्या, करडे, मांजर यांच्याबरोबर राहायचे असेल तर दोन ते चार महिन्यांच्या वयातच त्याला त्यांची सवय लावा. मोठेपणी ही सवय लागणे कठीण असते.

आता डुकराचा मुद्दा. कारवानची कातडी पातळ आणि अंगावर चरबी नावालाच. रानडुकराचा सुळा एकदा लागला की पोट फाटते. शिवाय कुत्रा सोडून वन्यप्राण्याचा पाठलाग करवणे वन्यजीव संरक्षण अधिनियम, १९७२ मधील शिकारीच्या व्याख्येत येते. ससा, काळवीट, डुक्कर यांच्यामागे हौसेने कुत्रा सोडणारा शेतकरी पीक वाचवताना स्वतः गुन्ह्यात अडकू शकतो. नुकसान झाले असेल तर वन विभागाला लगेच कळवून पंचनामा करून घ्या. वस्तीवर कोणी आले हे ओळखायला आणि सोबतीला कारवान चांगला. पिकाचे कुंपण म्हणून नाही.

पिल्लू घेताना

आई प्रत्यक्ष पाहिल्याशिवाय पिल्लू घेऊ नका. बाजारात ग्रेहाउंडशी संकर केलेली पिल्लेही कारवान म्हणून खपवली जातात. आई-बाप एकाच वेताचे किंवा जवळच्या नात्यातले नाहीत याची चौकशी करा. आठ आठवड्यांच्या आत पिल्लू आईपासून तोडू नये. लसीकरणाची नोंदवही मागा. "डोस झालेत" एवढ्या तोंडी सांगण्यावर विसंबू नका, पार्व्होने आठवड्यात पिल्लू जाते.

खाद्य व निगा

"खायला कमी दिले की चपळ राहतो" हा समज पिल्लांचे पाय वाकडे करतो. वाढीच्या वयात भाकरी-दुधावर भागत नाही. उकडलेली अंडी, मांस किंवा चांगले तयार खाद्य द्या आणि सहा महिन्यांपर्यंत ते दिवसातून तीन वेळा विभागून द्या. कांदा-लसणाचा रस्सा ओतलेली भाकरी नको. सांगली-सोलापूरच्या द्राक्षपट्ट्यात आणखी एक गोष्ट लक्षात ठेवा. द्राक्षे आणि बेदाणे कुत्र्याच्या मूत्रपिंडाला घातक ठरतात, त्यामुळे बेदाणा शेडवर त्याला मोकळे सोडू नका.

सकाळ-संध्याकाळ मोकळे धावणे हवेच, पण बंदिस्त जागेत. कठडा नसलेली विहीर आणि काटेरी तार हे धावत्या कारवानचे मोठे शत्रू आहेत. मोटरसायकलला दोरीने बांधून पळवणे बंद करा, त्याने सांधे जातात. थंडीत कोरडी जागा आणि पोत्याचे अंथरूण द्या.

आरोग्य

सहा ते आठ आठवड्यांपासून पशुवैद्यकाच्या वेळापत्रकाने डिस्टेंपर-पार्व्होची लस, तीन महिन्यांनंतर रेबीजची लस आणि पुढे वेळच्या वेळी बूस्टर. जंतनाशक पिल्लाच्या वजनावर ठरते. जनावरांच्या गोचिडाचे औषध किंवा इंजेक्शन अंदाजाने कुत्र्याला देऊ नका. ताप, फिकट हिरड्या, नाकातून रक्त दिसले तर गोचीडजन्य ताप असू शकतो, त्याच दिवशी दवाखाना गाठा. शस्त्रक्रिया करायची असेल तर जात कारवान आहे हे डॉक्टरांना आधी सांगा. चरबी कमी असल्याने काही भूल देणारी औषधे या कुत्र्यांच्या अंगातून उशिरा उतरतात.

शेवटचे माझ्या विषयातले. शेतावरील कुत्रे रोगापेक्षा विषाने अचानक जातात. झिंक फॉस्फाईडचे उंदीरनाशक आमिष बिळात आत घालून बीळ बुजवा, मेलेले उंदीर गाडा. कीटकनाशकाचे रिकामे डबे आणि फवारणीच्या बादल्या उघड्यावर ठेवू नका. लाळ, थरथर, उलटी, झटके दिसले तर घरगुती उपायात वेळ न घालवता औषधाचा डबा किंवा पाकीट बरोबर घेऊन पशुवैद्यकाकडे जा. कोणते विष पोटात गेले हे कळल्यावरच नेमका उपचार करता येतो.