कावेरीच्या मुखाशी मराठी छत्रे

पुंडलिकनगराहून वेरूळ तासाभराच्या वाटेवर आहे. त्याच वेरूळच्या भोसल्यांच्या कुळातील व्यंकोजीराजांनी १६७६ च्या सुमारास कावेरीच्या त्रिभुज प्रदेशात, तंजावरास, मराठी राज्य स्थापिले. तेथील चार दिवसांच्या सहलीत वाटाड्या कल्लणैचा प्राचीन बंधारा, बृहदीश्वराचे देवालय, कुंभकोणम् आणि तरंगंबाडीचा डेन लोकांचा किल्ला दाखवितो. छत्रांपाशी मात्र गाडी बहुधा थांबत नाही. ही मला अनास्था वाटते.

कावेरी येथे अनेक फाट्यांनी समुद्रास मिळते. पावलोपावली पाट, भातखाचरे आणि कार्तिकातला मुसळधार पाऊस! रामेश्वरास पायी निघालेल्या यात्रेकरूची या चिखलात काय दशा होत असेल? त्याच्यासाठीच तंजावरच्या राजांनी ठायी ठायी छत्रे बांधिली. ओरत्तनाड येथील मुक्तांबापुरम् छत्र दुसऱ्या सरफोजींचे.

१७९९ च्या तहाने सरफोजींचा राज्यकारभार इंग्रजांकडे गेला. पुढे १८०१ मध्ये त्यांनी रेसिडेंट टोरिन यास पत्र लिहून छत्रांची बाजू मांडिली. सर्व जातींच्या वाटसरूंस, जोगी, जंगम, फकीर यांसही, अन्न मिळे. शिजलेले न चालणाऱ्यास शिधा मिळे. आजाऱ्यास वैद्य, पोरक्या मुलांस पंतोजी, तान्ह्यांस दूध. मध्यरात्री घंटा वाजवून, कोणी उपाशी राहिले असल्यास या, अशी हाक देत.

तंजावराहून ओरत्तनाडास जाऊन येणे अर्ध्या दिवसाचेही काम नाही. वाटाड्यास आधीच सांगून ठेवावे.