क्रॉस कनेक्शन आणि अ‍ॅग्नेस मूरहेड

मंडळी, मोबाईलच्या आधीच्या जमान्यातलं 'क्रॉस कनेक्शन' आठवतंय का? आपण फोन लावायचा मावशीला आणि ऐकू यायचं भलत्याच दोघांचं बोलणं. बहुतेक वेळा विषय लग्नाच्या याद्यांचा नाहीतर उसन्या पैशांचा. आता समजा, ते दोघे आज रात्री एका बाईचा खून कसा करायचा हे ठरवत असतील तर?

२५ मे १९४३ ला अमेरिकेत सीबीएस रेडिओच्या 'सस्पेन्स' या मालिकेत नेमकं हेच घडलं. नभोनाट्याचं नाव 'सॉरी, राँग नंबर', लेखिका ल्युसिल फ्लेचर. न्यूयॉर्कमधली एक श्रीमंत, आजारी, किरकिरी बाई अंथरुणात पडून नवऱ्याला फोन लावत असते आणि तिच्या कानावर हा कट पडतो. मग ती ऑपरेटरला विनवते, पोलिसांना सांगते, पण कोणी दाद देत नाही. घड्याळ पुढे सरकतं आणि तिच्या हळूहळू लक्षात यायला लागतं की ती 'एक बाई' नक्की कोण आहे. अर्ध्या तासाचा खेळ, आणि त्यातला बहुतेक सगळा वेळ एकच आवाज. तो आवाज अ‍ॅग्नेस मूरहेडचा.

तेव्हा हे सगळं लाईव्ह असायचं बरं का. रीटेक नाही, एडिटिंग नाही. सुरुवातीलाच आवाज चढवला तर पुढे जायला जागाच उरत नाही. म्हणून ती आधी नुसती वैतागते, मग हट्टाला पेटते, मग घाबरते, आणि शेवटी ऐकणाऱ्याच्या घशाला कोरड पडते. शिवाय बाई मुळात सहानुभूती वाटावी अशी नाहीच. तरी आपण तिच्यासाठी जीव मुठीत धरून बसतो. सगळी गंमत इथे आहे.

अ‍ॅग्नेसचा जन्म ६ डिसेंबर १९०० चा, मॅसॅच्युसेट्समधल्या क्लिंटन गावचा. वडील पाद्री, आई गायिका. म्हणजे भाषण आणि सूर दोन्ही घरातच. कॉलेजात तिने चक्क जीवशास्त्र घेतलं, काही वर्षं विस्कॉन्सिनमधल्या एका छोट्या गावात मास्तरकी केली आणि मग न्यूयॉर्कला जाऊन अभिनयाचं रीतसर शिक्षण घेतलं. ते संपलं १९२९ मध्ये, आणि त्याच वर्षी शेअर बाजार कोसळला! महामंदीत नाटकवाल्यांचे हाल सुरू झाले. रेडिओ मात्र जोरात होता. तिथे चेहरा, वय, उंची कोणी विचारत नव्हतं. एकाच दिवसात म्हातारी, मोलकरीण आणि राणी होता यायचं. 'द मार्च ऑफ टाइम' या बातम्यांच्या नाट्यरूपांतरात ती राष्ट्राध्यक्षांच्या पत्नी एलिनॉर रूझवेल्ट यांचाही आवाज काढायची.

तिथेच तिची गाठ ऑर्सन वेल्स नावाच्या तरुण वादळाशी पडली. १९३७ मध्ये 'द शॅडो' या रहस्यमालिकेत तो नायक आणि ती मार्गो लेन. पुढे वेल्स हॉलिवूडला निघाला तेव्हा आपल्या मर्क्युरी थिएटरची मंडळीही बरोबर घेऊन गेला. 'सिटिझन केन' (१९४१) मध्ये अ‍ॅग्नेस केनची आई आहे. जेमतेम काही मिनिटांचं काम. बाहेर बर्फात पोरगं खेळतंय आणि आत आई त्याला कायमचं दुसऱ्याच्या हवाली करणाऱ्या कागदावर सही करते. रडारड शून्य. हा तिचा पहिला सिनेमा, आणि वय चाळीस!

पुढच्याच वर्षी 'द मॅग्निफिसंट अँबरसन्स'. त्यात ती फॅनी आत्या: लग्न न झालेली, घरात अर्धी पाहुणी असलेली, पैसेही बुडालेले. स्टुडिओने वेल्सच्या पश्चात या सिनेमाची चाळीसेक मिनिटं कापून टाकली, पण थंड बॉयलरला टेकून कोसळलेली फॅनी वाचली. न्यूयॉर्कच्या समीक्षकांनी तिला वर्षातली सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरवलं. ऑस्करसाठी नामांकन मिळालं, पण सहाय्यक अभिनेत्रीचं. तेही हुकलंच.

आता खरी मेख. १९४८ मध्ये 'सॉरी, राँग नंबर'वर सिनेमा निघाला. भूमिका कोणाला? बार्बरा स्टॅनविकला. ती मोठी स्टार होती आणि तिने काम चांगलंच केलं, त्याबद्दल वाद नाही. तिला ऑस्करचं नामांकनही मिळालं. गंमत म्हणजे त्याच वर्षी अ‍ॅग्नेसलाही नामांकन होतं, 'जॉनी बेलिंडा'मधल्या भूमिकेसाठी. इथेही आत्याच! म्हणजे एकाच समारंभात दोघी: एकीकडे त्या भूमिकेचा चेहरा, दुसरीकडे त्याच भूमिकेचा आवाज. पुरस्कार दोघींनाही नाही. अ‍ॅग्नेसची एकूण चार नामांकनं झाली, ऑस्कर एकही नाही. आमच्या धंद्यात बॅकएंड लिहिणाऱ्यांना हे दुःख समजावून सांगायला नको. डेमोच्या दिवशी टाळ्या स्क्रीनला पडतात.

पण बाई रुसून बसली नाही. 'सस्पेन्स'वर तिने तेच नभोनाट्य १९६० पर्यंत पुन्हा पुन्हा केलं. १९५१ मध्ये चार्ल्स लॉटनबरोबर 'डॉन जुआन इन हेल' घेऊन ती दौऱ्यावर निघाली. शॉचं नाटक, ना सेट ना वेशभूषेचा थाट, चार नट आणि समोर चार स्टँड. पुन्हा भिस्त आवाजावरच.

आणि मग १९६१ मध्ये 'द ट्वायलाइट झोन'मधला 'द इन्व्हेडर्स' हा भाग. पडक्या घरात एकटी राहणारी बाई आणि तिच्यावर हल्ला करणारे वीतभर उंचीचे परके. या भूमिकेत तिला एकही शब्द नाही! रेडिओची सम्राज्ञी, आणि संवाद शून्य. नुसतं धापा टाकणं, कण्हणं आणि अंग. ज्यांना ती 'फक्त आवाज' वाटायची त्यांनी हा भाग जरूर पाहावा. शेवट मी सांगणार नाही.

जगाने लक्षात ठेवलं ते मात्र 'बिविच्ड'मधल्या (१९६४–७२) एन्डोरामुळे. जावयाचं नाव मुद्दाम चुकवणारी चेटकीण सासू. या भूमिकेसाठी सहा वेळा एमीचं नामांकन मिळालं, जिंकली एकदाही नाही. एमी मिळाली १९६७ मध्ये, ती दुसऱ्याच मालिकेतल्या एका भागासाठी.

तिच्या मृत्यूभोवती एक काळी सावली आहे. १९५४ मध्ये ती युटातल्या सेंट जॉर्जजवळ 'द काँकरर'च्या शूटिंगला गेली होती. जॉन वेन चंगेझखान आणि ही त्याची आई! आदल्याच वर्षी शेजारच्या नेवाडात अणुचाचण्या झाल्या होत्या आणि त्यांची धूळ या भागावर उतरली होती. १९८० मध्ये छापून आलेल्या एका वृत्तांतानुसार चमूतल्या सुमारे २२० जणांपैकी ९१ जणांना कॅन्सर झाला होता. मात्र कोणाच्या शरीरात किती किरणोत्सर्ग गेला हे कधी मोजलंच गेलं नव्हतं, आणि त्या पिढीत सिगारेटही भरपूर चालायची. त्यामुळे एखाद्याच्या आजाराचं बिल थेट बॉम्बवर फाडता येत नाही. प्रश्न मात्र उरतोच. अ‍ॅग्नेस ३० एप्रिल १९७४ ला कॅन्सरनेच गेली.

त्याआधी जानेवारीत सीबीएसने रेडिओनाट्याचा जुना खेळ नव्याने मांडला होता, 'रेडिओ मिस्टरी थिएटर' नावाने. ६ जानेवारी १९७४, पहिलाच भाग. प्रमुख भूमिकेत कोण? अ‍ॅग्नेस मूरहेड. तिथे तिच्या जागी दुसरा चेहरा आणायची सोयच नव्हती.

असो. या विकांताला १९४३ चं ते रेकॉर्डिंग शोधा, नेटवर सहज मिळतं. दिवे घालवा, हेडफोन लावा. आणि हो, फोन सायलेंटवर ठेवा.