आठवणीत आठवण गुंतते तेव्हा

दूरध्वनी क्रमांक ऐकावा, तो टिपण्यासाठी कागद शोधावा आणि तेवढ्यात शेजारच्याने दुसरा एखादा आकडा उच्चारावा. पहिला क्रमांक निसटलाच म्हणून समजावे. अशा वेळी माणूस स्वतःच्या वयाला किंवा वेंधळेपणाला दोष देतो. प्रत्यक्षात त्या आकड्याने डोक्यातील आकड्याची जागा बळकावलेली असते. मानसशास्त्रात या प्रकाराला ‘व्यत्यय’ म्हणतात. विस्मरणाच्या प्रमुख कारणांत त्याची गणना होते.

विस्मरणाचा प्रयोगसिद्ध अभ्यास जर्मन मानसशास्त्रज्ञ हर्मान एबिंगहाउस यांनी सुरू केला. निरर्थक अक्षरसमूह स्वतःच पाठ करून, ते किती वेळाने किती विसरतात याची नोंद त्यांनी १८८५ मध्ये प्रसिद्ध केली. त्यावरून काळ लोटला की आठवण झिजते, असा समज रूढ झाला. मात्र १९०० मध्ये म्युलर आणि पिल्त्सेकर या जर्मन संशोधकांनी दाखविले, की एक यादी पाठ केल्यावर लगेच दुसरे काही शिकले तर पहिली यादी अधिक विसरली जाते. अमेरिकेतील कॉर्नेल विद्यापीठात जेन्किन्स आणि डॅलेनबाख यांनी १९२४ मध्ये दोन विद्यार्थ्यांवर प्रयोग केले. पाठांतरानंतर झोपलेल्या विद्यार्थ्याला, तेवढेच तास जागे राहिल्यानंतरच्या तुलनेत कितीतरी अधिक आठवत होते. घड्याळ दोन्हीकडे सारखेच चालले होते. फरक होता तो मधल्या वेळेत मनावर आदळलेल्या गोष्टींचा. जॉन मॅकजिओक यांनी १९३२ मध्ये याला समर्पक दृष्टान्त दिला. लोखंड काळाच्या ओघात गंजते खरे, पण त्याला काळ गंजवीत नाही, ऑक्सिजनशी होणारी प्रक्रिया गंजविते.

व्यत्ययाचे दोन प्रकार

नवे शिकलेले जुन्याच्या आड येते, तो प्रतिगामी व्यत्यय. नवा पासवर्ड अंगवळणी पडला की जुना आठवेनासा होतो, तो याचमुळे. याउलट जुने नव्याच्या आड येते, तो पुरोगामी व्यत्यय. मराठी शाळांतील मुलांना त्याचा अनुभव रोज येतो. मराठीत ‘कवी’ आणि ‘शक्ती’ दीर्घ, तर हिंदीत तेच शब्द ऱ्हस्व. एका भाषेची सवय दुसऱ्या भाषेच्या वहीत उतरते आणि गुण जातात. दोन गोष्टींत साम्य जितके अधिक, तितका गोंधळ अधिक, हे व्यत्ययाचे मूळ सूत्र आहे.

बेंटन अंडरवुड यांनी १९५७ मध्ये जुन्या प्रयोगांची छाननी केली. आधी अनेक याद्या पाठ केलेल्या व्यक्ती नवी यादी चोवीस तासांत सुमारे ७५ टक्के विसरत. पहिलीच यादी पाठ करणारे मात्र सुमारे २५ टक्केच विसरत.

कार्यकारी स्मृतीची अरुंद जागा

ऐकलेली गोष्ट काही क्षण मनात धरून तिच्यावर काम करणारी जी यंत्रणा, तिला कार्यकारी स्मृती म्हणतात. तिचे प्रसिद्ध प्रारूप ॲलन बॅडली आणि ग्रॅहॅम हिच यांनी १९७४ मध्ये मांडले. शब्दांची मनातल्या मनात उजळणी करणारा एक भाग, दृश्ये सांभाळणारा दुसरा आणि लक्ष कुठे द्यायचे हे ठरविणारा नियंत्रक, अशी तिची रचना त्यांनी सांगितली. या स्मृतीत एका वेळी सातच्या आसपास घटक मावतात, असे जॉर्ज मिलर यांनी १९५६ मध्ये म्हटले होते. नेल्सन काउअन यांनी २००१ मध्ये हा आकडा चारच्या जवळपास आणला.

ही जागा किती लवकर रिकामी होते, हे पीटरसन दाम्पत्याने १९५९ मध्ये दाखविले. तीन अक्षरे सांगून लगेच तीन-तीनने उलटे आकडे मोजायला लावल्यावर, अठरा सेकंदांनंतर ती अक्षरे अचूक सांगण्याचे प्रमाण १० टक्क्यांच्या आसपास घसरले. मात्र केपेल आणि अंडरवुड यांना १९६२ मध्ये आढळले, की अगदी पहिल्या फेरीत विस्मरण जवळजवळ होतच नाही. मागील फेऱ्यांतील अक्षरे साचत जातात, तशी पुढची आठवण कठीण होते. डेलॉस विकन्स यांनी याची दुसरी बाजू मांडली. अक्षरांऐवजी अचानक आकडे दिले, म्हणजे सामग्रीचा प्रकारच बदलला, की स्मरण पुन्हा सुधारते.

ध्वनिसाम्यही घातक ठरते. ‘ताट, वाट, लाट, घाट’ हा क्रम लक्षात ठेवणे ‘बैल, कुलूप, पाऊस, खुर्ची’ या क्रमापेक्षा अवघड जाते. कानावर पडणारे असंबद्ध बोलणेही स्मृतीला अडविते. कोल आणि वेल्श यांच्या १९७६ मधील प्रयोगात न समजणाऱ्या जर्मन भाषेतील वाचन कानावर पडत असतानाही अक्षरांचे स्मरण घटले. दूरचित्रवाणी सुरू ठेवून पाठांतर करणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावे.

प्रश्न केवळ गुणांचा नाही

सिडनीतील दोन रुग्णालयांत ९८ परिचारिकांचे औषध देण्याचे काम संशोधकांनी बारकाईने पाहिले. २०१० मध्ये प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासानुसार, कामात आलेल्या प्रत्येक अडथळ्यामागे कार्यपद्धतीतील त्रुटी १२.१ टक्क्यांनी, तर औषधासंबंधीच्या चुका १२.७ टक्क्यांनी वाढत होत्या. विमानसेवेत हा धोका आधीच ओळखला गेला होता. उड्डाण आणि उतरण्याच्या नाजूक टप्प्यांत वैमानिकांनी अनावश्यक संभाषण करू नये, असा नियम अमेरिकेने १९८१ मध्ये केला.

उपाय कोणते?

व्यत्यय पूर्णपणे टाळता येत नाही, पण त्याची धार कमी करता येते. एकसारखे विषय लागोपाठ अभ्यासू नयेत. व्याकरणानंतर पुन्हा दुसऱ्या भाषेचे व्याकरण घेण्यापेक्षा गणित घ्यावे. प्रत्येक धड्यानंतर पुस्तक मिटून स्वतःची चाचणी घ्यावी. २००८ मध्ये श्पुनार व सहकाऱ्यांनी केलेल्या प्रयोगांत, प्रत्येक यादीनंतर अशी चाचणी दिलेल्यांना पुढील यादीत मागील शब्दांचा त्रास बराच कमी झाला. परीक्षेच्या आदल्या रात्रीचे जागरण टाळून पाठांतरानंतर पुरेशी झोप घ्यावी. काम मध्येच थांबवावे लागलेच, तर कुठवर आलो हे दोन शब्दांत लिहून ठेवावे. आणि औषधाची मात्रा मोजणाऱ्याला हाक मारण्यापूर्वी घटकाभर थांबावे. तेवढ्या शांततेवर कुणाचा तरी जीव अवलंबून असू शकतो.